सरपंच किंवा सदस्याला हटवायची नोटीस आली? सुनावणीचा हक्क नीट कसा वापरायचा

गावात निवडून आलेल्या सरपंचाला, उपसरपंचाला किंवा सदस्याला अपात्र करायचा अर्ज पडला की पहिले दोन आठवडे बहुतेक लोक फोन करण्यात घालवतात, आमदारांच्या पीएला, तालुक्यातल्या कुणा नेत्याला, ओळखीच्या क्लार्कला, आणि तोवर म्हणणं द्यायची तारीख निघून जाते. नंतर आदेश हातात पडला की मग वकील शोधायचा आणि वकील विचारतो, "तुमचं लेखी म्हणणं कुठंय?" ते नसतंच. म्हणून हे सगळं लिहितोय. नोटीस आलेल्यांसाठी आहे, आणि ज्यांना खरंच भ्रष्ट सरपंच हटवायचाय त्यांच्यासाठीही आहे, कारण सुनावणी न देता काढलेला आदेश वर जाऊन रद्द होतो आणि तो माणूस फटाके वाजवत परत खुर्चीत बसतो.

हे सगळं महाराष्ट्राबद्दल आहे, म्हणजे महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम १९५८. दुसऱ्या राज्यात कलमं वेगळी असतात.

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवा. सुनावणी म्हणजे साहेबांनी केलेला उपकार नाही. गावानं मतं देऊन बसवलेल्या माणसाला काढायचं म्हणजे त्या मतांवर काट मारायची, आणि ती मारायच्या आधी त्याचं ऐकून घेणं कायद्यानंच सांगितलंय. सुप्रीम कोर्टानं २०१२ मध्ये रायगड जिल्ह्यातल्या उरण नगरपरिषदेच्या अध्यक्षांच्या केसमध्ये हे अगदी स्पष्ट केलं की लोकांनी निवडून दिलेल्या पदाधिकाऱ्याला असं सहज काढता येत नाही, कायद्यात सांगितलेली पद्धत काटेकोर पाळायची, त्याला बाजू मांडू द्यायची आणि आदेशात कारणं लिहायची. ती केस नगरपरिषदेची होती पण ग्रामपंचायतीच्या प्रकरणातही वकील तिचा आधार घेतात. रवी यशवंत भोईर विरुद्ध जिल्हाधिकारी रायगड असं नाव आहे, लिहून ठेवा, लेखी म्हणण्यात घालायला उपयोगी पडतं.

नोटीस हातात आली की सगळ्यात आधी कलम बघा

कारण रस्ते वेगवेगळे आहेत आणि प्रत्येक रस्त्यावर तुमचा हक्क वेगळा आहे. लोक इथंच गोंधळतात, "मला काढायला लागलेत" एवढंच सांगतात, पण कुणी काढतंय आणि कुठल्या कलमाखाली हे सांगता येत नाही.

पहिला रस्ता अपात्रतेचा, कलम १४ आणि १६. यात अतिक्रमण (ज-३), दोनपेक्षा जास्त अपत्यं (ज-१), घरपट्टी पाणीपट्टी थकलेली (ह), पंचायतीच्या ठेक्यात हितसंबंध (ग) असले मुद्दे येतात. निर्णय जिल्हाधिकारी देतात. कुणीही अर्ज करू शकतो, जिल्हाधिकारी स्वतःहूनही घेऊ शकतात, आणि शक्यतो ६० दिवसांत निकाल द्यायचा असं कलम १६ मध्ये आहे. त्याच कलमात हेही आहे की सदस्याला बाजू मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय त्याच्याविरुद्ध आदेश काढायचा नाही, आणि निर्णय होईपर्यंत तुम्ही पदावरच असता. हे शेवटचं फार महत्त्वाचं, कारण अर्ज पडल्यापडल्या विरोधी पार्टी गावात उठवून देते की सरपंच गेला, आता सह्या चालत नाहीत. चालतात.

दुसरा रस्ता कलम ३९, म्हणजे गैरवर्तन, लज्जास्पद वर्तन, कामात कसूर किंवा सतत हयगय. इथं काढायचा अधिकार विभागीय आयुक्तांना आहे. पण त्याआधी जिल्हा परिषदेच्या सीईओंनी (मुख्य कार्यकारी अधिकारी), किंवा त्यांनी सांगितलं तर डेप्युटी सीईओंनी, आयुक्तांच्या आदेशावरून चौकशी करायची, पंचायतीला आणि तुम्हाला नोटीस द्यायची, तुमचं ऐकायचं आणि मग अहवाल पाठवायचा. आयुक्तांनी तो अहवाल आल्यावर तुम्हाला पुन्हा ऐकायचं आणि मग ठरवायचं. म्हणजे दोनदा सुनावणी. लोकांना एकदाच माहीत असते. चौकशीच्या वेळी एकदा बोललो म्हणजे झालं असं समजून आयुक्तांकडे कोणी जातच नाही, किंवा उलट, आयुक्तांकडं बोलू म्हणून चौकशीत गप्प बसतात आणि अहवाल पूर्ण विरोधात जातो.

तिसरा रस्ता अविश्वास ठराव, कलम ३५. हा पूर्ण वेगळा खेळ आहे, त्यावर खाली लिहितो.

आणि काही किरकोळ वाटणारी पण खुर्ची घालवणारी कलमं आहेत. ग्रामसभा वेळेत न घेणं (कलम ७), मासिक सभा न बोलावणं (कलम ३६), निवडणूक खर्चाचा हिशोब न देणं (१४ब). या सगळ्यात एक शब्द समान आहे, पुरेसं किंवा योग्य कारण. म्हणजे सभा झाली नाही एवढंच बघायचं नसतं, का झाली नाही हेही बघावं लागतं. पूर आला होता, आचारसंहिता होती, ग्रामसेवकाचं पद रिकामं होतं, तुम्ही दवाखान्यात होता, जे असेल ते कागदासकट सांगा. तोंडी सांगितलेलं कारण रेकॉर्डवर येत नाही.

पहिले आठ दिवस

पाकीट फेकू नका. नोटीस कोणत्या तारखेला हातात आली ते पाकिटावर पेनानं लिहा, पोस्टानं आली असेल तर शिक्का दिसेल असा फोटो काढा. कोतवालानं आणून दिली असेल तर सही करताना सहीखाली तारीख टाका. घेत नाही म्हणून परत पाठवायचा शहाणपणा तर अजिबात करू नका, तो "नोटीस घेण्यास नकार" म्हणून पंचनाम्यात चढतो आणि मग तुम्ही कितीही ओरडलात तरी साहेब म्हणतात आम्ही संधी दिली होती, यांनीच घेतली नाही.

मग नोटीस वाचा, शांतपणे, दोनदा. त्यात काय हवं? आरोप नेमका काय, कोणत्या कामाचा, कोणत्या काळातला, किती रकमेचा, कोणत्या कलमाखाली, आणि कोणत्या कागदांच्या आधारावर. "आपण पदाचा गैरवापर केल्याचे निदर्शनास आले आहे, तरी खुलासा सादर करावा" एवढंच असेल तर ती नोटीस मोघम आहे. मोघम नोटिशीला मोघम खुलासा देऊन मोकळं व्हायची घाई करू नका. आधी एक साधं पत्र द्या की नेमके आरोप आणि त्याला जोडलेले कागद मिळावेत, म्हणजे मला उत्तर देता येईल.

हे कागद मागायचं पत्र म्हणजे माझ्या मते सगळ्या प्रकरणातलं सगळ्यात महत्त्वाचं पत्र. तक्रार अर्जाची नक्कल, बीडीओंचा (गटविकास अधिकारी) किंवा विस्तार अधिकाऱ्यांचा प्राथमिक अहवाल, पंचनामा, मोजणी नकाशा, कुणाचे जबाब घेतले असतील तर ते, एमबी (कामाचं मोजमाप पुस्तक), कॅशबुकची पानं, जे जे तुमच्या विरोधात वापरणार आहेत ते सगळं मागा. आवक विभागात द्या, पोच घ्या, पोचवर शिक्का आणि आवक नंबर आलाच पाहिजे. क्लार्क म्हणाला ठेवा इथं, बघतो, तर नाही, सरळ स्पीड पोस्ट करा आणि ऑफिसच्या ईमेलवरही टाका. का एवढा आग्रह, तर पुढं आदेशात तुम्हाला न दाखवलेला अहवाल वापरला गेला तर हेच पत्र वरच्या कोर्टात तुमचा आधार असतं. मागितलंच नसेल तर समोरचा वकील म्हणेल, यांना कागद नको होते.

सोबत माहिती अधिकाराचा अर्ज टाका, पण त्याच्या भरवशावर बसू नका, त्याला ३० दिवस असतात आणि तुमची तारीख त्याआधी येते.

तारीख जवळची असेल तर मुदतवाढ मागायला लाजू नका. पण कारण देऊन, लेखी, आणि किती दिवस पाहिजेत ते सांगून. चार चार वेळा मुदत मागितली की मात्र उलटं होतं, वेळकाढूपणा करतायत असं रोजनाम्यात (सुनावणीच्या रोजच्या नोंदीत) येतं.

म्हणणं लिहिताना

एकेका आरोपाला एकेक उत्तर. नोटिशीत पाच मुद्दे असतील तर पाचही मुद्द्यांना नंबर टाकून लिहा, एक जरी सोडला तर "याबाबत खुलासा नाही" म्हणून तो मान्य धरतात. राजकारणाचा इतिहास, भावकीचं भांडण, मागच्या निवडणुकीत कोण कुणाच्या गाडीत फिरत होतं हे दोन ओळीत आटपा, साहेबांना त्यात रस नसतो. कागद जोडा आणि प्रत्येक कागदाला नंबर द्या.

प्रत्येक मुद्द्यात कायदा नक्की काय म्हणतो ते शब्दशः बघा, कारण सुटका तिथंच असते. उदाहरण द्यायचं तर घरपट्टी. लोकांना वाटतं थकबाकी आहे म्हणजे गेलं पद. पण कलमात असं आहे की कराची मागणी केली, त्याचं बिल रीतसर बजावलं, आणि त्यानंतर तीन महिन्यांत भरला नाही, तर अपात्र. म्हणजे बिल तुम्हाला खरंच मिळालं का, कोणत्या तारखेला, सही कुणाची, हे विचारायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. बिल बजावल्याचा पुरावा तक्रारदारानं किंवा पंचायतीनं दाखवायचाय. नुसत्या नमुना ८ मधल्या (पंचायतीच्या कर नोंदवहीतल्या) थकबाकीच्या आकड्यावर काम भागत नाही. (तरी फॉर्म भरायच्या आधी आणि नंतर दरवर्षी घरपट्टी वेळेत भरून पावती फाइलला लावा, काही शे रुपयांसाठी कोर्टाच्या पायऱ्या चढायची गरज नाही.)

अतिक्रमणाचं मात्र जपून. २०१८ मध्ये जनाबाई प्रकरणात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की अतिक्रमण घरच्या माणसानं केलेलं असलं तरी सदस्य स्वतः तिथं राहून त्याचा फायदा घेत असेल तर तोही अपात्र ठरतो. त्यामुळं "घर सासऱ्याच्या नावावर आहे, माझा काय संबंध" एवढं म्हणून चालत नाही. पण तुम्ही तिथं राहत नसाल तर ते सिद्ध करायची संधी तुम्हाला मिळालीच पाहिजे. जळगाव जिल्ह्यात विचखेडा म्हणून गाव आहे, तिथल्या महिला सरपंचांवर हाच आरोप होता की त्या सासूसोबत सरकारी जागेवरच्या घरात राहतात. त्यांचं म्हणणं होतं की आम्ही वेगळं भाड्यानं राहतो. जिल्हाधिकारी, आयुक्त, हायकोर्ट, तिन्ही ठिकाणी त्या हरल्या. सप्टेंबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टानं तो अपात्रतेचा आदेश रद्द केला, आरोपांची नीट तपासणी न करता इतक्या सहजपणे निवडून आलेल्या बाईला काढलं याबद्दल नाराजी व्यक्त केली आणि त्यांना मुदत संपेपर्यंत पदावर राहू दिलं. हे वाचलं की मला राग येतो आणि बरंही वाटतं. राग याचा की भाडेकरार, लाइट बिल, शेजाऱ्यांचे जबाब, जागेवर जाऊन पाहणी, यातलं जे काम जिल्ह्याच्या पातळीवर व्हायला हवं होतं त्यासाठी एका सरपंचताईंना दिल्ली गाठावी लागली.

म्हणून तुमच्या केसमध्ये हे सगळं पहिल्याच सुनावणीला घाला. भाडेकरार, रेशनकार्ड, मुलांच्या शाळेचे दाखले, वीजबिल, आणि सरकारी मोजणीची मागणी. जागा गावठाणात आहे की गायरानात हे तलाठ्याच्या तोंडी सांगण्यावर ठरत नाही, मोजणीवर ठरतं, आणि ती मोजणी तुमच्या समोर, तुम्हाला नोटीस देऊन व्हायला पाहिजे.

प्रत्यक्ष सुनावणीच्या दिवशी

स्वतः जा. वकील असला तरी स्वतः जा. आणि महिला सरपंच असतील तर ताईंनी स्वतः बोलावं, नवऱ्यानं किंवा दिरानं नाही. राज्यात निम्म्या जागा महिलांना राखीव आहेत, पद तुमचं आहे, सही तुमची आहे, आणि तुमच्यावरच्या आरोपाचं उत्तर तुमच्या तोंडून आलं की समोरच्या अधिकाऱ्याला ते वेगळंच पटतं. चार वाक्यं बोललात तरी चालेल, बाकी लेखी आहेच.

रोजनाम्यात काय लिहिलं जातंय ते बघा. तुम्ही हजर होता, म्हणणं दिलं, कागद मागितले, साक्षीदाराची उलटतपासणी मागितली, हे त्यात आलं पाहिजे. नाही आलं तर त्याच दिवशी पत्र द्या की आज असं असं झालं. कोऱ्या किंवा न वाचलेल्या रोजनाम्यावर सही करू नका.

उलटतपासणीचं लोकांना माहीत नसतं. कुणी तुमच्याविरुद्ध जबाब दिलाय आणि तोच मुख्य पुरावा आहे, तर त्या माणसाला प्रश्न विचारायची परवानगी मागा. प्रत्येक वेळी मिळेलच असं नाही, सगळं कागदावरच स्पष्ट असेल तर अधिकारी नाही म्हणू शकतात. पण मागणी लेखी असू द्या, आणि नाकारली तर कारण लिहून द्या म्हणावं.

अजून एक. ज्यांनी ऐकलं त्यांनीच निर्णय द्यायला हवा. सुप्रीम कोर्टानं १९५९ सालीच, आंध्रातल्या बस मार्गांच्या एका केसमध्ये, सांगून ठेवलंय की एकानं ऐकायचं आणि दुसऱ्यानं ठरवायचं ही सुनावणीच नव्हे. आपल्याकडं बदल्या होत राहतात, सुनावणी एका साहेबांनी घेतली आणि आदेशावर नवीन साहेबांची सही असं होतं. बदली झालेली कळली की लगेच अर्ज द्या, नवीन अधिकाऱ्यांनी पुन्हा ऐकावं. तसंच कलम ३९ मध्ये चौकशी सीईओ किंवा डेप्युटी सीईओंनी करायची आहे, कलमात बीडीओ नाही, त्यामुळं बीडीओंच्या जुन्या अहवालावर नुसतं कव्हरिंग लेटर लावून तो आयुक्तांकडे गेला असेल तर हा मुद्दा ठळक मांडा. आणि आयुक्तांपुढं उभं राहायच्या आधी त्या चौकशी अहवालाची प्रत मागाच, तो न वाचता तुम्ही उत्तर कशाचं देणार.

सगळ्या चुका पद घालवण्याइतक्या मोठ्या नसतात, हेही म्हणण्यात घ्या. २०१० मध्ये मध्य प्रदेशातल्या शारदा कैलाश मित्तल यांच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की निवडून आलेल्या अध्यक्षाला काढायला भक्कम आणि वजनदार कारण लागतं, किरकोळ अनियमितता पुरत नाही. आणि २०२४ चं छत्तीसगडचं प्रकरण तर प्रत्येक सरपंचानं वाचावं असं आहे. जशपूर जिल्ह्यातल्या साजबहारच्या तरुण महिला सरपंचांना बांधकामं उशिरा झाली म्हणून काढलं होतं. सुप्रीम कोर्टानं तो आदेश रद्द केला आणि छळ झाला म्हणून १ लाख रुपये द्यायला लावले, वर सरकारला मोकळीक दिली की ते जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करा. काम लांबायला पाऊस, मटेरियल, निधी, ठेकेदार सगळेच कारण असतात, एकट्या सरपंचाच्या माथी ते कसं मारायचं?

अविश्वास ठराव आला असेल तर

इथं आरोप सिद्ध करायची गरजच नसते. सदस्यांचा विश्वास उरला नाही एवढं पुरे. सुप्रीम कोर्टानं १९७४ मध्ये गुजरातच्या नडियाद नगरपालिकेच्या केसमध्ये सांगितलंय की अविश्वासाला कारण द्यावंच लागतं असं नाही. त्यामुळं "मला कारणे दाखवा नोटीस दिली नाही" हा मुद्दा इथं चालत नाही, त्यावर वेळ घालवू नका. तुमचं संरक्षण पद्धतीत आहे. तहसीलदारांकडे नोटीस गेली की सात दिवसांच्या आत त्यांनी विशेष सभा बोलवायची, ती ग्रामपंचायत कार्यालयात, अध्यक्षस्थानी तहसीलदार. प्रत्येक सदस्याला सभेची नोटीस मिळाली का ते बघा. सरपंचाला सभेत बोलायचा आणि मत द्यायचा हक्क आहे, आणि तो हक्क वापरा, तोंड पाडून बसू नका, जे बोलायचंय ते बोला आणि प्रोसिडिंगमध्ये (सभेच्या इतिवृत्तात) लिहून घ्यायला सांगा. थेट जनतेतून निवडून आलेला सरपंच असेल तर सदस्यांचं तीन चतुर्थांश बहुमत लागतं आणि त्यावर ग्रामसभेत गुप्त मतदानानं शिक्कामोर्तब व्हावं लागतं. निवडून आल्यापासून पहिली दोन वर्षं ठराव आणता येत नाही.

ठरावाच्या वैधतेवर वाद असेल तर सभेच्या तारखेपासून सात दिवसांत जिल्हाधिकाऱ्यांकडे जायचं. सात दिवस. देवदर्शनाला वगैरे नंतर जा.

तक्रार करणाऱ्यांसाठी

तुमचा सरपंच खरंच पैसे खात असेल तर तुम्हीच आग्रह धरा की त्याला पूर्ण सुनावणी मिळावी. तक्रार एका पानात, काम, वर्ष, रक्कम, कागद. पन्नास आरोप टाकू नका, जे सिद्ध होतील ते तीन टाका. नोटिशीत नसलेला आरोप आदेशात घुसवायला सांगू नका, तिथंच केस मरते. त्याला कागदाच्या प्रती मिळाल्याची पोच फाइलमध्ये आहे का ते तपासा. आणि तारखेला हजर राहा, तक्रारदारच आला नाही म्हणून किती प्रकरणं बंद पडतात.

आदेश विरोधात गेला तर

आदेशाची प्रमाणित नक्कल त्याच दिवशी मागा. आदेशात कारणं काय दिलीत ते बघा. तुमचं म्हणणं नुसतं उतरवून काढून खाली "खुलासा समाधानकारक नाही" एवढी एक ओळ असेल तर तो कारणाशिवायचा आदेश आहे, आणि सुप्रीम कोर्टाच्या १९७८ च्या मोहिंदर सिंग गिल निकालानुसार नंतर कोर्टात प्रतिज्ञापत्र करून ती कारणं भरून काढता येत नाहीत.

कलम १६ खाली जिल्हाधिकाऱ्यांचा निर्णय असेल तर निर्णयाच्या तारखेपासून १५ दिवसांत अपील. कलम ३९ खाली आयुक्तांचा आदेश असेल तर आदेश मिळाल्यापासून १५ दिवसांत सरकारकडे अपील. अपिलासोबत स्थगितीचा वेगळा अर्ज लागतो, नुसतं अपील दाखल केलं म्हणून आदेश थांबत नाही, यात बरेच जण फसलेत. स्थगितीवर सुनावणीच होत नसेल किंवा अपीलही फेटाळलं तर हायकोर्टात रिट याचिका. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच, जिथं सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांनाही जाता येतं. समोरच्या पार्टीनं कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा कोर्टात आधीच दिलेला अर्ज) टाकलंय का ते वकिलांना आधी बघायला सांगा, टाकलं असेल तर त्यांना प्रत दिल्याशिवाय स्थगिती मिळत नाही आणि एक दिवस फुकट जातो.

स्थगिती मिळाली की त्याच दिवशी तिची प्रत जिल्हाधिकारी, तहसीलदार, बीडीओ आणि ग्रामसेवक, चौघांनाही पोच घेऊन द्या. बँकेलाही द्या. कारण तिकडं उपसरपंचाकडं चार्ज द्यायची, खात्यावरची सही बदलायची आणि रिक्त जागा कळवायची कागदपत्रं आधीच तयार असतात, आणि आदेश व्हॉट्सॲपवर पाहिला म्हणून कुणी ती थांबवत नाही, शिक्क्याची प्रत टेबलावर आली की थांबवतात.